न कळलेलं सुतक

त्या दिवशी द्वितीया होती. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते, म्हणजे भरती दीडला. सकाळी साडेसातला पाणी पार आत गेलेलं, आणि आते खडपावर उकिडवी बसून कालवं काढत होती. पाणी गेलं की कालवं घट्ट मिटतात. कोयतीचं टोक फटीत घालायचं, मनगटाला एक हिसका, वरचं झाकण बाजूला, आतला करडा गोळा वाटग्यात. खालची शिंप खडकाला तशीच चिकटून राहते. माझ्याकडे वाटगा धरायचं काम होतं, म्हणजे तोंड मोकळं होतं.

"आते, समज असं एक कालव आहे, ज्याला भरती-ओहोटी नाही, काळच कळतो."

"कालवच ना? मग त्याला काल कळायचाच. नावातच आहे."

"आपण त्याला काळव म्हणू."

"म्हण. खातात का?"

मी तिला फ्रँक ब्राऊनची गोष्ट सांगितली. या अमेरिकन जीवशास्त्रज्ञाने 1954 मध्ये कनेक्टिकटच्या किनाऱ्यावरची कालवं हजारावर किलोमीटर आत, शिकागोजवळच्या इव्हान्स्टनला नेली आणि अंधारात पाण्यात ठेवली. आधी ती घरच्या भरतीच्या वेळेला उघडायची. पंधरवड्यात त्यांनी वेळ बदलली. इव्हान्स्टनला समुद्र असता तर भरती जेव्हा आली असती, तेव्हा ती उघडू लागली.

"समुद्र नाही आणि भरती?"

"चंद्र आहे ना. असं ब्राऊनचं म्हणणं. पुष्कळांना पटलं नाही. 1957 मध्ये लामाँट कोल नावाच्या शास्त्रज्ञाने 'सायन्स'मध्ये त्याची टर उडवली. तक्त्यातले कसेही पडलेले आकडे घेतले, ते कपाळावर शिंग असलेल्या गोष्टीतल्या घोड्याचे आहेत असं धरलं, ब्राऊनसारखाच हिशेब केला. त्या नसलेल्या घोड्यालाही रोजचं घड्याळ निघालं."

आते खूप हसली. "तुझं काळव त्याच तबेल्यातलं."

"असू दे. त्याचा गुण ऐक. कोणी काळात ढवळाढवळ केली, झालेलं न झालेलं केलं, की ते भर पाण्यात गपकन मिटतं. आपल्याला काही कळत नाही, कारण आपल्या आठवणीही बदललेल्या असतात. आणि त्याच्या शिंपीत एक थर चढतो. पूर्वी काय होतं ते त्या थरात."

"असं कुठे असतं?"

"प्रवाळात असतं की थोडंसं. जॉन वेल्सने 1963 मध्ये डेव्होनियन काळातल्या प्रवाळांवरच्या बारीक रेघा मोजल्या, रोजची एक. वर्षाला सुमारे 400 भरल्या. तेव्हा पृथ्वी स्वतःभोवती जास्त वेगाने फिरत होती, दिवस लहान होता. बघायला कोणी नव्हतं, नोंद मात्र राहिली."

"बरं. पुढे?"

"एक दिवस बादलीतलं काळव मिटलेलं दिसतं. म्हणजे कोणी तरी वाचलं, नाही तर कोणी तरी पुसलं गेलं. काय ते जाणायचं तर फोडावं लागणार. फोडलं की मेलं. साक्षीदार तो एकच. काय करायचं?"

उत्तर मी तयार ठेवलं होतं. "मी म्हणतो, फोडू नये. ज्याची आठवणच नाही त्याचं दुःख कसलं? सुतकसुद्धा कळल्यापासूनच. दहा दिवसांत कळलं तर उरलेले दिवस, उशिरा कळलं तर तीन, वर्ष उलटल्यावर नुसती आंघोळ. न कळलेल्याचं सुतक नाही."

कोयती थांबली. मुद्दा बिनतोड आहे असं तेव्हा मला वाटत होतं.

"शास्त्र मला सांगू नकोस. तुझ्या आतोबांची होडी मिळाली, माणूस मिळाला नाही. कचेरीत म्हणाले, सात वर्षं पत्ता नसला तर मेला धरू. भटजी म्हणाले, बारा. सात वर्षांनी कागद हातात आला. त्या कागदावर पैसे घ्यायचे आणि घरी येऊन कुंकू लावायचं. पाच वर्षं तो कचेरीत मेलेला आणि घरात जिवंत. तुझं काळव त्या पाच वर्षांत उघडं राहिलं असतं की मिटलेलं?"

मला उत्तर सुचेना, म्हणून मी माहितीच्या आड लपलो. 1906 मध्ये देशाची एकच वेळ ठरली तरी मुंबईच्या महापालिकेने स्वतःची 39 मिनिटं मागची वेळ पुढे कित्येक वर्षं सोडली नव्हती, वगैरे.

"39 मिनिटांचं काय घेऊन बसलास!"

"म्हणजे तू फोडशील?"

"त्या पाच वर्षांत कोणी हातात दिलं असतं तर दगडावर आपटून फोडलं असतं. मला कोण हवा होता ते मला माहीत होतं. तुझ्या गोष्टीत कोण गेलं हेच माहीत नाही. शोध निराळा आणि चौकशी निराळी."

"आणि गेलेलं माणूस आपलंच असलं तर? तुला मूल झालेलं असलं आणि ते पुसलं गेलं असलं तर?"

आतेला मूल नाही. वादाच्या भरात माणूस कुठवर जातो, ते तोंडातून निघून गेल्यावर कळलं. तिने डबक्यात हात धुतले, पदराला पुसले, आणि बराच वेळ खाडीच्या मुखाकडे बघत राहिली.

"त्यासाठी सर्वपित्री आहे ना," ती म्हणाली. "ज्याची तिथी ठाऊक नाही त्याचं त्या दिवशी करतात. नाव ठाऊक नाही त्यालाही पाणी देतात. त्याला काही फोडावं लागत नाही. ते बादलीतलं नेऊन खडपावर ठेव."

"आणि ते उगाच मिटलं असलं तर? त्या घोड्याच्या घड्याळासारखं?"

"तर ओंजळभर पाणी वाया गेलं. धर वाटगा नीट."

सर्वपित्री म्हणजे अमावास्या, उधाणाचा दिवस. आमच्याकडे त्या दिवशी भरती दुपारी बाराच्या सुमाराला येते, पानं वाढायची वेळही साधारण तीच. तेव्हा खडपावरची सगळी कालवं पाण्याखाली असतात, आणि उघडी.