हप्त्याआडची वर्षे

नाशिकमध्ये आता घराची किंमत फारसे कोणी विचारत नाही. हप्ता किती बसेल, एवढेच विचारले जाते. पाथर्डी फाट्याला, म्हसरूळला किंवा आडगावच्या बाजूला नव्या इमारतींचे फलक पाहा, त्यावर महिन्याचा आकडा ठळक असतो. गृहप्रदर्शनात बिल्डरच्या टेबलाला लागून बँकेचे टेबल असते आणि दोन्हीकडे एकच वाक्य ऐकू येते : सिंहस्थ तोंडावर आला आहे, भाव चढणारच, आत्ता घेऊन टाका, हप्ता आम्ही बसवून देतो.

हप्ता बसवून देणे म्हणजे नेमके काय करणे, याचा हिशेब घरात बसून कागदावर मांडायला हवा. समजा, कर्ज ४० लाखांचे आहे आणि व्याज साडेआठ टक्के. पंधरा वर्षांत फेडायचे तर हप्ता ३९,३९० रुपये येतो. तो जड वाटला तर मुदत वीस वर्षे होते आणि हप्ता ३४,७१३ वर येतो. तोही जड वाटला तर तीस वर्षे, हप्ता ३०,७५७. आता दुसरी बाजू पाहू. पंधरा वर्षांत एकूण व्याज जाते सुमारे ३१ लाख, वीस वर्षांत ४३ लाख ३१ हजार, तीस वर्षांत ७० लाख ७२ हजार. म्हणजे वीसची मुदत तीस केल्यावर महिन्याला चार हजारांहूनही थोडे कमी वाचतात आणि त्यापायी सव्वासत्तावीस लाखांहून अधिक रक्कम जास्तीची जाते. टेबलापलीकडच्या माणसाने हप्ता बसवला, तो आपल्या आयुष्यातली दहा वर्षे त्यात घालून.

यात बँकेची लबाडी नाही, हे आधीच सांगितलेले बरे. व्याज उरलेल्या मुद्दलावर लागते आणि सुरुवातीला मुद्दल सगळेच उरलेले असते. वीस वर्षांच्या कर्जाच्या पहिल्या ३४,७१३ रुपयांपैकी २८,३३३ रुपये व्याजात जातात, मुद्दलाला मिळतात जेमतेम ६,३८०. ४० लाखांचे २० लाख व्हायला तेरा वर्षे दहा महिने लागतात. दहा वर्षे नेमाने हप्ते भरल्यावर निम्मे कर्ज फिटले असेल असे समजून बँकेत गेलेल्या माणसाला तिथला आकडा खोटा वाटतो. तो खरा असतो. आपल्याला तो दहा वर्षे कोणी दाखवलेला नसतो.

पण ४३ लाखांचा आकडा दाखवून ‘बघा, दुप्पट भरावे लागतात’ असे घाबरवणे हेही अर्धेच सत्य आहे. मोबाइलवर फिरणाऱ्या संदेशांत हेच चालते. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा नसणार. महागाई सरासरी पाच टक्के राहिली, असे धरून ते सगळे हप्ते आजच्या रुपयांत मोजले, तर एकूण बेरीज ८३ लाख न येता साडेबावन्न लाखांच्या आसपास येते. शिवाय त्या काळात भाडे भरावे लागत नाही. मग कर्ज स्वस्तच म्हणायचे का?

ते कोणासाठी, हा खरा प्रश्न आहे आणि त्याचे उत्तर नाशिकइतके स्पष्ट क्वचितच कुठे दिसत असेल. नाशिकरोडला सिक्युरिटी प्रेस १९२५ पासून आहे, नोटप्रेस १९२८ पासून. ओझरला विमानांचा कारखाना आहे. तिथल्या कायम कामगाराच्या पगाराला महागाई भत्ता जोडलेला आहे. निर्देशांक चढला की भत्ता चढतो. त्याचा पगार वर्षाला सात टक्क्यांनी वाढत गेला तर दहा वर्षांत तो जवळपास दुप्पट होतो. पहिल्या वर्षी पगाराचा ४० टक्के हिस्सा खाणारा हप्ता तेव्हा २० टक्क्यांवर आलेला असतो. जेलरोड, नाशिकरोड, सिडको या भागांतल्या एका पिढीने घरे अशीच फेडली. सुरुवातीची चार-पाच वर्षे ओढाताणीची, पुढे हप्ता कधी गेला ते कळतही नसे. ‘कर्ज काढ, आपोआप फिटते’ हा सल्ला त्या पिढीने मनापासून दिला, कारण त्यांचे खरोखर तसे फिटले होते.

तोच सल्ला आज सातपूर-अंबडमध्ये ठेकेदाराकडे काम करणाऱ्या मुलाला दिला जातो. त्याच्या पगाराला भत्ता नाही. ठेका बदलला की नोकरी नव्याने सुरू होते आणि पगार कधीकधी मागे येतो. त्याच्या घरात भाजी, फी, दवाखाना यांना महागाई लागू होते, पगाराला मात्र होत नाही. त्याचा हप्ता दहाव्या वर्षीही ४० टक्केच राहतो आणि उरलेल्या ६० टक्क्यांत भागवायचे दर वर्षी अधिक अवघड होते. महागाई कर्ज हलके करते हे पुस्तकातले वाक्य पगार महागाईबरोबर चालला तरच खरे. रक्कम तीच, बँक तीच, व्याजदर तोच, तरी दोघांचे कर्ज एकाच किमतीचे नसते. मंजुरीपत्रात मात्र ते एकच दिसते. बँक गेल्या काही महिन्यांच्या पगारपत्रकावरून ठरवते की हा माणूस वीस वर्षे फेडू शकेल. सहा महिन्यांच्या कागदावर वीस वर्षांचा अंदाज बांधणे बँकेला चालते, कारण तिच्याकडे घर तारण आहे. आपण तेवढ्यावर विसंबणे मला धोक्याचे वाटते.

त्यात व्याजदर स्थिर नाही. अमेरिकेत तीस वर्षे एकच दर राहील असे गृहकर्ज सर्रास मिळते, दर चढला तर तोटा कर्ज देणाऱ्याच्या बाजूला पडतो. आपल्याकडे गृहकर्जे बहुतेक बदलत्या दराची. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जे बाहेरच्या दराशी जोडणे बंधनकारक झाले आणि बहुतेकांनी ती रेपो दराशी, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना उसने देते त्या दराशी, जोडली. दर पारदर्शक झाला, ही चांगलीच गोष्ट. पण चढउताराचा सगळा भार कर्जदाराच्या खांद्यावर आला, याबद्दल त्या वेळी फारसे बोलले गेले नाही, कारण दर उतरत होते. मे २०२० मध्ये रेपो चार टक्क्यांवर आला आणि दोन वर्षे तिथेच राहिला. पावणेसात टक्क्यांनी गृहकर्ज मिळू लागले. लोकांनी घरे घेतली आणि त्यात काही चूक नव्हती.

मग ४ मे २०२२ ला रिझर्व्ह बँकेने अचानक दर वाढवला. फेब्रुवारी २०२३ पर्यंत रेपो साडेसहावर गेला. नऊ महिन्यांत अडीच टक्के. पावणेसात टक्क्यांनी वीस वर्षांसाठी ४० लाख घेतलेल्याचा हप्ता होता ३०,४१५. वर्षभर भरून त्याचे मुद्दल ३९ लाख दोन हजारांवर आले असेल. दर सव्वानऊ झाल्यावर एवढ्या मुद्दलाचे महिन्याचे व्याजच ३०,०७८. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलाकडे जातात ३३७ रुपये आणि त्या गतीने कर्ज फिटायला ४८ वर्षांहून अधिक लागतात. ज्यांनी ऐन वाढीच्या तोंडावर कर्ज घेतले, त्यांच्यापैकी काहींचा हप्ता तर व्याजालाही पुरेना. हप्ता भरूनही मुद्दल वाढत जाईल अशी ही अवस्था. बँकांनी सवयीप्रमाणे हप्ता न वाढवता मुदत वाढवली. ग्राहकाच्या खात्यातून दरमहा तेवढेच पैसे जात राहिले, म्हणून त्याला काही जाणवले नाही. वर्षे वाढत होती आणि वर्षे पासबुकात दिसत नाहीत.

करोनाच्या काळातही हेच घडले होते. मार्च ते ऑगस्ट २०२० मध्ये सहा महिने हप्ते थांबवण्याची सवलत होती. नोकरी गेलेल्यांना ती हवीच होती. पण नुकत्याच सुरू झालेल्या वीस वर्षांच्या, साडेआठ टक्क्यांच्या कर्जाचे सहा हप्ते थांबवून पुढे तोच हप्ता ठेवला तर शेवटी तीस हप्ते वाढतात. हा आकडा त्या वेळी ठळक अक्षरांत कोणी सांगितला असता तर ज्यांची नोकरी शाबूत होती त्यांनी सवलत घेतली नसती.

मुद्दा इथे येतो. गृहकर्जाची खरी किंमत वर्षांत मोजायची असते आणि ती वर्षे ठरवण्याचा अधिकार कर्जदाराच्या हातात असायला हवा. ही मागणी महाराष्ट्राला नवी नाही. मे १८७५ मध्ये भीमथडी तालुक्यात सुप्याच्या बाजारात कुणबी उठले आणि पुणे-नगरच्या गावोगावी सावकारांची कर्जखते जाळली गेली. खते जाळण्यामागे केवळ राग नव्हता. त्या कागदावर काय लिहिले आहे, किती फिटले, किती उरले, हे ऋणकोला कळतच नव्हते. १८७९ च्या दख्खन शेतकरी साहाय्य कायद्याने न्यायालयाला खताच्या मागे जाऊन व्यवहाराचा सगळा इतिहास तपासायची मुभा दिली आणि शेतकऱ्याला पावती, हिशेबाचा उतारा आणि पासबुक मागण्याचा हक्क दिला. निफाडला जन्मलेले न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे उच्च न्यायालयात जाण्याआधी काही वर्षे याच कायद्याच्या अंमलबजावणीसाठी विशेष न्यायाधीश होते.

दामदुपटीचा नियम त्याहून जुना. एका वेळी थकलेले व्याज मुद्दलापेक्षा जास्त मागता येणार नाही, हे त्याचे सार. पण थकलेले व्याज वेगळे आणि वेळच्या वेळी भरत गेलेले व्याज वेगळे. नेमाने हप्ते भरणाऱ्याला दामदुप्पट कधीच वाचवत नव्हती आणि आजही वाचवणार नाही. शिवाय बँकांच्या बाबतीत १९८४ पासून बँकिंग नियमन कायद्याचे २१-अ कलम आहे. व्याज फार आहे एवढ्या कारणावरून न्यायालयाला बँकेचा व्यवहार पुन्हा उघडता येत नाही. म्हणून हिशेब आधी पाहणे आणि वरचेवर पाहणे हाच उपाय उरतो.

१८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने रिझर्व्ह बँकेने हिशेब पाहण्याची वाट पुन्हा उघडली. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की थोडे दोन्ही, हे कर्जदाराला विचारले पाहिजे. स्थिर दराकडे जाण्याचा पर्यायही, बँकेच्या धोरणानुसार, द्यायचा होता; २०२५ पासून तो देणे न देणे बँकेवर आहे. मुदत वाढवताना हप्ता व्याजालाही पुरणार नाही, अशी वेळ येऊ द्यायची नाही. दर तिमाहीला आतापर्यंत वसूल झालेले मुद्दल, व्याज, हप्ता, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर यांचे विवरण द्यायचे आहे. हे विवरण आज येते, बहुधा ईमेलवर, आणि कोणी उघडत नाही. त्यातली ‘उरलेले हप्ते’ ही एकच ओळ दर तीन महिन्यांनी घरातल्या दिनदर्शिकेवर लिहावी, असे मी सगळ्यांना सांगत असतो.

बाकीचे खर्च एकदाच येतात, म्हणून त्यांची चर्चा जास्त होते. मुद्रांक शुल्क, ३० हजारांपर्यंतची नोंदणी फी, बांधकाम चालू असेल तर जीएसटी, प्रोसेसिंग फी. यांत जपायचे ते कर्जाबरोबर गळ्यात घातलेल्या विम्याच्या एकरकमी हप्त्याला. तो कर्जाच्याच रकमेत मिसळला तर त्यावरही वीस वर्षे व्याज चालते. विमा हवाच, पण तो वेगळा घ्यावा. प्राप्तिकराच्या सवलतीचे गणितही आता फिरले आहे. नव्या करपद्धतीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही आणि आपण काही केले नाही तर आपण त्याच पद्धतीत धरले जातो. ‘कर वाचतो म्हणून कर्ज चालू ठेव’ हा सल्ला देणाऱ्याला आधी विचारावे, कोणत्या पद्धतीत?

मुदत कमी करण्याचा रस्ता मात्र मोकळा आहे. व्यक्तीच्या बदलत्या दराच्या गृहकर्जाची रक्कम लवकर भरली म्हणून बँकेला दंड लावता येत नाही, हे २०१२ पासून ठरलेले आहे. वरच्या वीस वर्षांच्या उदाहरणात दर वर्षाच्या शेवटी, दिवाळीच्या बोनसमधून म्हणा, एकच जादा हप्ता भरला तर कर्ज सोळा वर्षे नऊ महिन्यांत संपते आणि सव्वाआठ लाखांच्या आसपास व्याज वाचते. भरताना हप्ता कमी न करता मुदत कमी करा, असे लेखी द्यावे लागते. २०२५ मध्ये रेपो टप्प्याटप्प्याने उतरून वर्षअखेर सव्वापाचवर आला, तेव्हाही हेच करण्यासारखे होते : हप्ता तोच ठेवायचा आणि वर्षे कमी होऊ द्यायची. त्याच वेळी बँक नव्या ग्राहकाला रेपोवर किती टक्के जास्त लावते आणि आपल्याला किती, हेही विचारून घ्यावे. जुन्या ग्राहकाचा फरक अनेकदा जास्त असतो आणि थोडी फी भरून तो कमी करून घेता येतो. विचारणाऱ्याचा होतो, न विचारणाऱ्याचा राहतो.

ठेक्यावरच्या मुलाने घर घेऊच नये, असे मी म्हणणार नाही. त्याला घराची गरज इतरांपेक्षा जास्त आहे, कारण भाड्याचाही त्याला भरवसा नाही. पण त्याने कर्ज घेताना बँकेच्या ‘तुम्हाला एवढे मिळू शकते’ या आकड्यापासून सुरुवात करू नये. पगार पाच वर्षे वाढला नाही आणि दर अडीच टक्क्यांनी चढला, तरी पेलेल असा हप्ता आधी काढावा आणि तिथून मागे येत घर शोधावे. घर लहान निघेल, कदाचित शहराच्या बाहेर असेल.

१ ऑक्टोबर २०२४ पासून कोणतेही नवे किरकोळ कर्ज देताना बँकेला मुख्य बाबींचे एक पत्रक द्यावे लागते. त्यात सगळे खर्च धरून येणारा वार्षिक दर आणि हप्त्यांचे पूर्ण वेळापत्रक असते. पत्रकात न लिहिलेला खर्च स्पष्ट संमतीशिवाय लावता येत नाही. अमेरिकेत असा दर सांगणे १९६८ च्या कायद्याने बंधनकारक झाले होते. आपल्याकडे उशीर झाला, तरी आपल्या नियमात एक गोष्ट आहे जी नाशिकच्या माणसाने वापरायला हवी : हे पत्रक कर्जदाराला समजेल अशा भाषेत असले पाहिजे आणि त्यातल्या अटी विचार करण्यासाठी किमान तीन कामकाजाचे दिवस कायम राहिल्या पाहिजेत. प्रदर्शनातल्या टेबलावर सही मागितली जाईल तेव्हा ते पत्रक मराठीत मागावे, तीन दिवसांसाठी घरी न्यावे आणि हप्त्यांच्या वेळापत्रकाचे शेवटचे पान आधी उघडावे.