भद्राची साक्ष : लोकमताच्या मापनाचा नैतिक प्रश्न

वाल्मीकी रामायणाच्या उत्तरकांडात लोकमताच्या पाहणीचा एक प्रसंग आहे. मित्रमंडळींत बसलेला राम भद्र नावाच्या सोबत्याला विचारतो, की नगरात आणि जनपदात लोक आपल्याविषयी, सीतेविषयी, भावांविषयी काय बोलतात. भद्र आरंभी गोड तेवढेच सांगतो. तेव्हा राम त्याला बरेवाईट सर्व निःशंकपणे सांगावयास लावतो, आणि सीतेविषयीचा प्रवाद कानी पडल्यावर उपस्थित इतरांनाही तो खरा आहे काय असे विचारून घेतो. भवभूतीने ‘उत्तररामचरिता’त हेच काम दुर्मुख नावाच्या हेराकडे सोपविले. तेथे वार्ता रामाच्या कानात सांगितली जाते आणि त्या वेळी सीता त्याच्या बाहूवर डोके ठेवून झोपलेली असते.

पद्धतीच्या अंगाने पाहिले तर वाल्मीकीच्या रामाची पाहणी बरीचशी निर्दोष म्हणावी लागेल. माहिती देणाऱ्याला अभय आहे, चौक, बाजार, रस्ते, वने-उपवने अशा विविध ठिकाणचे बोलणे त्यात आले आहे, एकाची साक्ष इतरांकडून पडताळली आहे. तरीही तिच्यातून जे निष्पन्न झाले ते अन्यायाचे होते, ही टोचणी भारतीय साहित्यपरंपरेने कधी विझू दिली नाही. भवभूतीचे संपूर्ण नाटक त्या टोचणीतून उभे राहिले आहे. दोष मापनात नसून तो मापनाच्या आधी आणि मापनानंतर आहे. आधीचा दोष असा, की जिच्या आयुष्याचा निकाल लागावयाचा तिला प्रश्नच विचारलेला नाही. नंतरचा असा, की लोक काय म्हणतात या माहितीचे रूपांतर काय करावे या निर्णयात होते आणि निर्णयाची जबाबदारी राजाकडून निनावी लोकांकडे सरकते.

आधुनिक जनमत चाचणीचे शास्त्र बहुतांशी पहिल्या टप्प्यावरच, म्हणजे मापनाच्या अचूकतेवर, खिळून राहिले. त्याला कारणही तसेच घडले. 1936 साली अमेरिकेतील ‘लिटररी डायजेस्ट’ या साप्ताहिकाने वीस लाखांहून अधिक उत्तरपत्रिका गोळा करूनही रूझवेल्ट हरणार असे भाकीत केले आणि ते साफ खोटे ठरले. गॅलपने त्या मानाने अगदी लहान नमुन्यावरून निकाल ओळखला. संख्येपेक्षा नमुन्याची निवड महत्त्वाची, हा धडा तेव्हापासून पाठ्यपुस्तकांत आला. पिअर बोर्द्यू या फ्रेंच समाजशास्त्रज्ञाने 1970च्या दशकाच्या आरंभी विचारलेला प्रश्न मात्र अधिक मुळाशी जाणारा आहे. प्रत्येकाजवळ मत असतेच, सगळ्या मतांचे वजन सारखेच असते आणि कोणते प्रश्न विचारावयाचे याविषयी समाजात एकमत असते, ही चाचण्यांची तीन गृहीतके त्याने नाकारली. या अर्थाने लोकमत अस्तित्वातच नाही, असे त्याचे प्रतिपादन होते. ते अतिरेकी वाटले तरी मराठवाड्याच्या अनुभवासमोर ठेवून पाहण्याजोगे आहे.

27 जुलै 1978 रोजी राज्य विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांनी मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नाव देण्याचा ठराव संमत केला. त्यापाठोपाठ मराठवाड्याच्या खेड्यापाड्यांत दलित वस्त्या जाळल्या गेल्या, माणसे मारली गेली. ठरावाची अंमलबजावणी थांबली, ती 14 जानेवारी 1994 पर्यंत. या साडेपंधरा वर्षांत विरोधाच्या बाजूने सर्वाधिक वापरला गेलेला शब्दप्रयोग ‘मराठवाड्याच्या जनतेची भावना’ हा होय. निजामी राजवटीविरुद्धच्या लढ्याशी जोडलेल्या प्रदेशनामाविषयी अनेकांना ममत्व होते, ते खोटे होते असे म्हणण्याचे कारण नाही. प्रश्न ‘जनता’ या पदाच्या अर्थाचा आहे. ज्यांची घरे जळली ते त्या पदात अंतर्भूत होते काय? औरंगाबादेत 1950 साली आंबेडकरांनी सुरू केलेल्या महाविद्यालयात, पुढे ज्याला मिलिंद हे नाव मिळाले, शिकून ज्यांची पहिली पिढी पदवीपर्यंत पोहोचली, त्यांची भावना मराठवाड्याची भावना नव्हती काय?

या काळात औपचारिक सार्वमत घेतले गेले नाही. समजा, घेतले असते. गणक गावात येतो, पाटलाच्या ओसरीवर टेकतो, पाणी पितो, आणि मग त्याच गावातल्या सालगड्याला विचारतो की विद्यापीठाचे नाव बदलावे काय. मालक पलीकडे उभा आहे. सालाचा व्यवहार गुढीपाडव्याला पुन्हा ठरावयाचा आहे, वस्तीवर काय होऊ शकते हे शेजारच्या गावात दिसले आहे. ‘तुम्ही म्हणाल तसं’ असे उत्तर येईल, किंवा काहीच येणार नाही. पहिले उत्तर गणक ‘नाही’च्या रकान्यात घालील आणि दुसरे ‘सांगता येत नाही’च्या. दोन्ही नोंदी प्रामाणिक असतील. नमुना यादृच्छिक असेल, संभाव्य त्रुटीचे प्रमाणही गणिताने काढता येईल. मात्र भीतीमुळे आलेली त्रुटी त्या गणितात कोठेही दिसणार नाही, कारण ती सर्व उत्तरांना एकाच दिशेने झुकविते. (गुप्त मतदानाने हा प्रश्न सुटतो असे म्हणता येईल. पण सारे गाव एकीकडे आणि वस्ती एकीकडे असते तेथे पेटी फोडल्यावर कोणाची मते कोठे गेली हे कळावयास फारसे कौशल्य लागत नाही.)

याच काळात, 1979 साली, प्र. ई. सोनकांबळे यांचे ‘आठवणींचे पक्षी’ पुस्तकरूपाने आले. दलित आत्मकथनांची चर्चा आपल्याकडे वेदना, विद्रोह, बोली या अंगांनी पुष्कळ झाली. त्यांचे एक ज्ञानशास्त्रीय मूल्य मात्र उपेक्षित राहिले. माणसाला एखादे मत बनविता येण्यासाठी आणि ते उच्चारता येण्यासाठी भोवतीची परिस्थिती कशी असावी लागते, आणि कशी असली म्हणजे तोंडून दुसरेच शब्द निघतात, याचा तपशील या लेखनात आहे. प्रश्नावली ज्या ठिकाणी ‘उत्तर नाही’ असे लिहून पुढे जाते, तेथे आत्मकथन थांबते.

विचारणाऱ्याच्या सत्तेची दुसरी बाजू पर्यायांच्या निवडीत असते. 16 जानेवारी 1967 च्या गोव्यातील जनमत कौलात मतदारांसमोर दोनच चिन्हे होती : महाराष्ट्रात विलीनीकरणासाठी फूल आणि संघराज्य प्रदेश म्हणून राहण्यासाठी दोन पाने. विलीनीकरणाच्या विरुद्ध 1,72,191 व बाजूने 1,38,170 मते पडली. निकाल सर्वांनी मानला, ही लोकशाहीच्या दृष्टीने लहान गोष्ट नव्हे. परंतु वीस वर्षांनी, 30 मे 1987 रोजी, गोव्याला जे लाभले ते स्वतंत्र राज्यत्व त्या मतपत्रिकेवर नव्हतेच. विद्यापीठाच्या बाबतीतही असेच घडले. 1994 साली स्वीकारलेले ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठ’ हे नाव, म्हणजे नामांतराऐवजी नामविस्तार, ‘होय की नाही’ या प्रश्नाच्या उत्तरांत बसणारे नव्हते. ते वर्षानुवर्षांच्या आंदोलनातून, बलिदानांतून आणि वाटाघाटींतून आले. सार्वमताने ते कधीच सापडले नसते.

येथे एक आक्षेप संभवतो. लोकमत मोजू नये, असे म्हणणे सत्ताधाऱ्यांच्या सोयीचे होईल. मोजणी नसली की ‘जनतेची भावना’ सांगण्याचा मक्ता मोठ्या आवाजाच्या लोकांकडे जातो. आक्षेप रास्त आहे. 1978 साली नेमके तेच झाले. म्हणून मोजणीला विरोध हा येथे मुद्दाच नाही. मत मोजण्याजोगे असते. हक्क मतावर अवलंबून ठेवण्याजोगा नसतो. सार्वजनिक संस्थेच्या नावात आपला वाटा असावा ही मागणी पहिल्या प्रकारात पडते की दुसऱ्या, हे आधी ठरवावे लागते आणि ते ठरविण्यास कोणतीही टक्केवारी उपयोगी पडत नाही.

या शहराने 2023 साली पुन्हा एकदा नावाच्या प्रश्नावर लोकमत गोळा होताना पाहिले. जिल्ह्याच्या व महसुली विभागाच्या नामबदलाच्या प्रारूप अधिसूचनेवर शासनाने हरकती व सूचना मागविल्या, आणि विभागीय आयुक्तालयात दोन्ही बाजूंचे अर्ज लाखोंच्या संख्येने दाखल झाले. सप्टेंबर 2023 मध्ये अंतिम अधिसूचना निघाली, मे 2024 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने नामबदलास आव्हान देणाऱ्या याचिका फेटाळल्या. नाव कोणते योग्य हा येथील विषय नाही. लक्ष वेधावयाचे ते ‘हरकत’ या शब्दाकडे. हरकतीत कारण अभिप्रेत असते. ती ऐकावयाची, तिचा विचार करावयाचा, फेटाळावयाची तर का ते सांगावयाचे. शंभर जणांनी तेच कारण दिले म्हणून ते शंभरपट सबळ होत नाही, आणि एकट्यानेच दिले म्हणून दुबळेही ठरत नाही. परंतु बाजूने किती अर्ज आणि विरुद्ध किती, अशी चर्चा सुरू झाली की हरकतीचे मत होते, मताचा आकडा होतो, आणि अर्ज भरून घेणाऱ्यांच्या संघटनशक्तीचे मापन लोकमत म्हणून वाचले जाते. एखाद्या अर्जात कोणी काही वेगळे कारण लिहिले असेल, तर त्याला मिळणारे स्थान त्या बेरजेत एकाचेच.

उत्तरकांडाच्या शेवटाकडे सीतेला अखेर विचारले जाते. भरसभेत, लोकांची खात्री पटावी म्हणून, तिने शपथ घ्यावी अशी अपेक्षा असते. ती शपथ घेते, पण तिच्या शपथेत लोकांना काही सांगितलेले नाही. पृथ्वीने आपल्याला पोटात घ्यावे एवढेच मागितले आहे.