बादलीत न मावणारं

2002 साली ‘सायन्स’ या नियतकालिकात केंब्रिजचे प्राणिशास्त्रज्ञ अँड्र्यू बामफर्ड आणि त्यांच्या सहकाऱ्यांचं एक छोटं टिपण प्रसिद्ध झालं. ब्रिटनमधल्या 109 शाळकरी मुलांना त्यांनी चित्रांचे पत्ते दाखवले होते. काही पत्त्यांवर तिथलीच झाडं, कीटक, पक्षी आणि प्राणी होते, काहींवर ‘पोकेमॉन’ या गेममधले काल्पनिक जीव. आठ वर्षांपुढची मुलं पोकेमॉनची जवळजवळ 80 टक्के नावं बरोबर सांगत होती. त्यांच्याच देशातल्या ओकचं किंवा बॅजरचं नाव विचारलं, की हे प्रमाण निम्म्याच्या आसपास येई. हे टिपण बहुतेकदा तक्रारीच्या सुरात सांगितलं जातं. पण त्या शास्त्रज्ञांनी त्यात आणखी एक गोष्ट नोंदवली होती: जिवांविषयी शिकण्याची मुलांची ताकद अफाट आहे, फक्त तिला खाद्य पुरवण्यात गेमवाले निसर्गप्रेमींच्या पुढे गेले आहेत.

पोकेमॉन मुळात आला कुठून, हेही पाहण्यासारखं आहे. त्याचा जनक सातोशी ताजिरी तोक्योजवळच्या माचिदा गावात वाढला. किडे गोळा करण्याचा त्याला असा नाद होता की सोबतची मुलं त्याला किड्यांचा डॉक्टर म्हणत. तेव्हा माचिदात भातखाचरं होती, तळी होती, झाडी होती. तो मोठा होईपर्यंत शहर तिथवर पसरलं आणि तळी बुजली. शहरातल्या मुलांनाही किडे शोधण्या-पकडण्याचा आनंद मिळावा, या इच्छेतून 1996 साली पहिला पोकेमॉन गेम आला. जीव गोळा करण्याचा जगातला सर्वांत लोकप्रिय खेळ असा एका नाहीशा झालेल्या पाणथळीतून जन्मला. मात्र त्या खेळात पाणथळ ही केवळ प्राणी सापडण्याची जागा आहे. प्राणी एकदा पकडून चेंडूत बंद केला, की तो आला त्या पाण्याशी त्याचं नातं तुटतं आणि त्यात त्याचं काही बिघडत नाही.

वन्यजीव संवर्धनाची जाणीव करून देणाऱ्या गेम्सबद्दल माझं जे म्हणणं आहे, ते याच ठिकाणी सुरू होतं. प्राण्याची ओळख करून देणं, त्याचा लळा लावणं हे काम गेम्स उत्तम करतात. आता ते सिद्ध करत बसायची गरज नाही. प्रश्न असा आहे की त्या लळ्यात प्राण्याची जागा येते का, आणि तो एकदा गेला की परत येत नाही हे येतं का.

‘माइनक्राफ्ट’ घ्या. ठोकळ्यांच्या या गेमच्या 2023 पर्यंत 30 कोटींहून जास्त प्रती विकल्या गेल्या. आपल्याकडच्या मुलांच्या टॅबवरही तो सर्रास असतो. स्टॉकहोममधली त्याची निर्माती कंपनी मोजांग प्राण्यांच्या बाबतीत मनापासून काळजी घेते. 2017 मध्ये गेममध्ये पोपट आले तेव्हा त्यांना बिस्किटं भरवून माणसाळवता येत असे. त्या बिस्किटांत चॉकलेट असतं आणि खऱ्या पोपटांना चॉकलेट विषारी असतं, हे खेळणाऱ्यांनी लक्षात आणून दिलं. लहान मुलं घरच्या पक्ष्यावर तोच प्रयोग करतील, ही भीती रास्त होती. कंपनीने नियम बदलला: पोपट आता दाण्यांनी माणसाळतो आणि बिस्किट दिलं तर मरतो. पुढे काजवे आणायचे ठरले होते, गेममधले बेडूक ते खाणार होते. काही काजवे खऱ्या बेडकांना विषारी असतात हे कळल्यावर 2022 च्या आवृत्तीतून काजवेच काढून टाकले. शार्क आणायला तर कंपनीने आधीच नकार दिलेला आहे, कारण खऱ्या प्राण्यांविषयी वैर वाढवणारं काही त्यांना नको आहे. कोट्यवधी मुलांपर्यंत पोचणाऱ्या वस्तूच्या निर्मात्यांनी इतका विचार करावा, याचा मला आदर वाटतो.

याच गेममध्ये 2021 च्या जूनमध्ये ॲक्सोलॉटल आला. धोक्यातल्या प्राण्यांकडे लक्ष वेधावं हा त्यामागचा उघड हेतू होता, आणि तो कल्पनेपलीकडे सफल झाला. गुलाबी अंग, डोक्याच्या दोन्ही बाजूंना पिसांसारखे कल्ले, तोंडावर कायमचं हसू. आज ॲक्सोलॉटलची खेळणी, कंपासपेट्या, दप्तरं सगळीकडे दिसतात. माझी भाची त्याचे गेममधले पाच रंग आणि निळा रंग किती दुर्मीळ ते घडाघडा सांगते. तो पाण्यात तुमच्या बाजूने लढतो, जखमी झाला की मेल्याचं सोंग घेतो, आणि बादलीत भरून हवा तिथे नेता येतो.

आता खरा ॲक्सोलॉटल. हा सलामँडर कुळातला उभयचर, पण बेडकासारखं रूप पालटून जमिनीवर येत नाही. आयुष्यभर कल्ले घेऊन पाण्यातच राहतो. तुटलेला पाय त्याला पुन्हा फुटतो. मज्जारज्जूचे, हृदयाचे, मेंदूचेही भाग पुन्हा घडवतो. म्हणून जगभरच्या प्रयोगशाळांमध्ये तो आहे. 1864 मध्ये फ्रेंचांनी मेक्सिकोतून काही ॲक्सोलॉटल पॅरिसला नेले, आणि प्रयोगशाळांतल्या व हौशी लोकांच्या टाक्यांतल्या आजच्या पिढ्यांचा मोठा भाग त्यांच्यापासून आलेला आहे. टाक्यांत त्यांची संख्या लाखांत असेल. रानात मात्र तो जगात एकाच ठिकाणी उरला आहे: मेक्सिको सिटीच्या दक्षिण टोकाला, सोचिमिल्कोच्या कालव्यांत. शेजारचं चाल्को सरोवर, जिथे तो पूर्वी होता, ते केव्हाच आटवलं गेलं.

सोचिमिल्कोचे कालवे म्हणजे अझ्टेकांच्याही आधीपासून चालत आलेल्या शेतीचा वारसा. उथळ सरोवरात चिखल आणि वनस्पतींचे थर रचून शेतं उभी केली, त्यांना चिनाम्पा म्हणतात. दोन चिनाम्पांच्या मधलं पाणी तो कालवा. ॲक्सोलॉटल या शेतीच्या सोबतीने शतकानुशतकं जगला, आणि तिथल्या माणसांच्या जेवणातही होता. मग शहराने पाणी उपसलं, सांडपाणी सोडलं. 1970 च्या दशकापासून लोकांना प्रथिनं मिळावीत म्हणून कार्प आणि तिलापिया हे परदेशी मासे सोडले गेले. त्यांनी ॲक्सोलॉटलची अंडी आणि पिल्लं फस्त केली. मेक्सिकोच्या राष्ट्रीय विद्यापीठातले जीवशास्त्रज्ञ लुईस सांब्रानो यांच्या गटाचे आकडे सांगतो: 1998 मध्ये एका चौरस किलोमीटरला सुमारे 6000 ॲक्सोलॉटल होते, 2004 मध्ये 1000, 2008 मध्ये 100, आणि 2014 मध्ये 36. ही घसरण लागली तेव्हा गेममध्ये तो आलेलाही नव्हता. आणि तो आल्यावर जगभर मागणी वाढली ती टाकीतल्या ॲक्सोलॉटलची, कालव्याची नाही.

त्याचा परिणाम आपल्या दारापर्यंत पोचला आहे. भारतातही ॲक्सोलॉटल हौसेने पाळले जातात. थंड डोंगरी पाण्यातल्या या जिवाला 16 ते 18 अंशांचं पाणी लागतं. मे महिन्यातल्या ठाण्या-नागपूरच्या फ्लॅटमध्ये पाणी थंड ठेवणाऱ्या यंत्राशिवाय तो कसा जगेल? वन्यजीवांच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावरच्या ‘साइट्स’ कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात तो असल्याने आपल्या वन्यजीव कायद्याच्या 2022 च्या दुरुस्तीनुसार आणि 2024 च्या नियमांनुसार त्याची नोंदणी करावी लागते. मुलाच्या वाढदिवसाला तो घेऊन देणाऱ्या किती आईबाबांना हे ठाऊक असेल?

सोचिमिल्कोत काय चाललंय? तिथले शेतकरी आणि सांब्रानोंचा गट मिळून काही कालव्यांची तोंडं गाळण्या लावून बंद करतात, म्हणजे कार्प-तिलापिया आत येत नाहीत आणि पाणीही स्वच्छ राहतं. त्या बदल्यात शेतकरी चिनाम्पावर रसायनांविना भाजी पिकवतो. दुसरीकडे अनेक चिनाम्पांची फुटबॉलची मैदानं होताहेत, कारण ती भाड्याने दिली की भाजीपेक्षा जास्त पैसे सुटतात. ॲक्सोलॉटलचं नशीब कोथिंबिरीच्या भावावर अवलंबून आहे म्हटलं तरी चालेल. सांब्रानोंच्या गटाने कैदेत वाढवलेले 18 ॲक्सोलॉटल, रेडिओ यंत्र बसवून, निवडक पाणथळींत सोडले; त्याचा अभ्यास 2025 मध्ये प्रसिद्ध झाला. ते जगले, शिकार करू लागले. जे पुन्हा पकडता आले त्यांचं वजनही वाढलेलं निघालं. जीव तयार आहे, पाणी तयार नाही. मुलांना सांगायची गोष्ट ही आहे, आणि बादलीच्या खेळात ती सांगायला जागाच नाही.

पण त्याच माइनक्राफ्टमध्ये 2018 पासून समुद्री कासव आहे. ते जिथे जन्मलं तो किनारा लक्षात ठेवतं. मोठं होऊन कितीही दूर गेलं तरी अंडी घालायला तिथेच परततं. अंडी वाळूवर घातली तरच उबतात आणि पायदळी आली तर फुटतात. तुम्हाला कासवं हवी असतील तर तो किनारा राखावा लागतो, रात्री अंड्यांवर पहारा ठेवावा लागतो. रत्नागिरी जिल्ह्यातल्या वेळासला चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र संस्थेने 2002 पासून गावकऱ्यांच्या साथीने ऑलिव्ह रिडले कासवांच्या घरट्यांचं जे काम उभं केलं, त्याचं सार या नियमांत आहे. हे खेळलेलं मूल वेळासच्या वाळूवर उभं राहिलं, तर कुंपण कशाला घातलंय हे त्याला कुणी समजावून सांगावं लागणार नाही. गेम तोच, निर्माते तेच. फरक इतकाच की कासवाचा नियम लिहिताना किनाऱ्याला प्राण्यापासून तोडलेलं नाही.

आता दुसरी गोष्ट, परत न येण्याची. बहुतेक गेम्समध्ये प्राणी हा न संपणारा कच्चा माल असतो. 2014 च्या ‘फार क्राय 4’ मध्ये हिमालयातल्या एका कल्पित देशात तुम्ही फिरता. बटवा मोठा करायचा, दारूगोळ्याची थैली मोठी करायची, तर जनावरं मारून त्यांची कातडी आणायची. मारलेल्यांच्या जागी थोड्या वेळाने नवी येतात. मला हे नुसत्या हिंसेपेक्षा जास्त घातक वाटतं. जंगल म्हणजे आपोआप भरणारं कोठार ही समजूत हातांना, बोटांना सवयीने लागते, आणि सवयीने लागलेलं वाद घालून निघत नाही.

म्हणूनच ‘रेड डेड रिडेम्प्शन 2’ या 2018 च्या गेमविषयी मला लिहायचं आहे, जरी तो संवर्धनाचा गेम नाही, आणि मुलांसाठी तर मुळीच नाही. 1899 ची अमेरिका, दरोडेखोरांची टोळी, भरपूर शिकार. त्यात सुमारे 200 जातींचे प्राणी-पक्षी आहेत. इंग्लंडमधल्या संशोधकांनी 2021 मध्ये 586 जणांची चाचणी घेतली: खऱ्या प्राण्यांच्या 15 छायाचित्रांपैकी हा गेम खेळलेल्यांनी सरासरी 10 ओळखली, न खेळलेल्यांनी 7. ही ओळखीची बाजू. मला महत्त्वाचा वाटतो तो त्यातला कॅरोलायना पोपट. या पिवळ्या डोक्याच्या हिरव्या पोपटांचे थवे दलदलीत मोजक्या ठिकाणी दिसतात. बाकीच्या शिकारीप्रमाणे ते पुन्हा येत राहत नाहीत. तुम्ही सगळे मारलेत, तर ते तुमच्या त्या जगातून संपतात. गेम तुम्हाला तसं कळवतो आणि पुढे चालू राहतो. शिक्षा नाही, उपदेश नाही, पोपटही नाहीत.

खऱ्या अमेरिकेत फळबागांचे शत्रू म्हणून आणि बायकांच्या टोप्यांवरच्या पिसांसाठी हे पोपट मारले गेले. एक पडला की थवा उडून न जाता त्याच्याभोवती परत येई, त्यामुळे बंदूकवाल्याला एका जागी उभं राहून सगळा थवा टिपता येई. माहीत असलेला बंदिवासातला शेवटचा पक्षी 1918 मध्ये सिनसिनाटीच्या प्राणिसंग्रहालयात मेला. गेमचं मूळ वचन असं असतं की चूक झाली तरी पुन्हा सुरुवात करता येईल. त्या वचनाला या एका पक्ष्यापुरती मुरड घालण्याचं धैर्य एका मोठ्या धंदेवाईक गेमने दाखवलं. बार्सिलोनातल्या एका छोट्या गटाने 2022 मध्ये केलेला ‘एंडलिंग’, ज्यात तुम्ही पृथ्वीवरची शेवटची कोल्हीण असता, हाच विचार पूर्ण कथेत मांडतो. तो खेळताना दुःख होतं, हे खरं. पण कोल्हीण आपणच असल्यामुळे तिथे ‘अरेरे’ म्हणून बाजूला होता येत नाही.

दक्षिण आफ्रिकेतल्या केपटाउनच्या मंडळींचा ‘टेरा निल’ (2023) मला आणखी एका कारणासाठी आवडतो. नापीक जमीन मिळते. पाणी शुद्ध करायचं, गवत उगवायचं, जंगल आणायचं, प्राणी परतले की पाहायचं, आणि शेवटी आपण उभी केलेली सगळी यंत्रं मोडून गोळा करून निघून जायचं. शहर बांधण्याच्या खेळांच्या धर्तीवरच्या या गेममध्ये शेवटचं काम स्वतःच्या खुणा उचलण्याचं आहे. त्याच्या उत्पन्नातला वाटा तिथल्या एका वन्यजीव संस्थेला जातो, तेही चांगलंच.

आपल्याकडे सिंधुदुर्गात आंबोलीला एक भेक आहे, आंबोली टोड. 2009 मध्ये शास्त्राला त्याची ओळख झाली, आणि तो अतिशय धोक्यात असलेल्या जातींत गणला जातो. पहिल्या पावसात जांभ्याच्या सड्यावर जी बोटभर खोलीची डबकी साचतात, त्यांत तो अंडी घालतो. डबकं आटायच्या आत पिल्लांनी मोठं व्हायचं, नाहीतर संपायचं. पाऊस बघायला आलेल्या गाड्यांच्या चाकांखालीही ते जातात. तिथेच हिरण्यकेशीच्या उगमात 2020 मध्ये एका चिमुकल्या माशाची नवी जात नोंदली गेली आणि पुढच्या वर्षी ती जागा जैवविविधता वारसा स्थळ झाली. महाराष्ट्रातल्या शहरी मुलाला मेक्सिकोचा ॲक्सोलॉटल ठाऊक असतो, हा भेक नसतो. यात मुलाचा दोष काडीचाही नाही. त्याला तो कुणी भेटवलेलाच नाही.

खेळ म्हणून बघा, या भेकाच्या आयुष्यात काय नाही? वेळेची शर्यत आहे, पावसाचा जुगार आहे, ओलांडायचा रस्ता आहे, सापांपासून पक्ष्यांपर्यंत शत्रू आहेत. फक्त दोन नियम पाळावे लागतील. भेक सड्यावरून उचलून नेता येणार नाही, आणि सडा गेला तर पुढचा पावसाळा रिकामा येईल. माहितीही तयार आहे: उभयचरांचे अभ्यासक तिथे वर्षानुवर्षं रात्री टॉर्च घेऊन फिरताहेत, गावातली माणसं कुठलं डबकं कधी भरतं ते तोंडपाठ सांगतात. कौशल्यही दूर नाही. ‘फार क्राय’ काढणाऱ्या युबीसॉफ्ट कंपनीचाच एक स्टुडिओ पुण्यात आहे, लहान-मोठे इतरही आहेत, आणि तिथे मराठी मुलं-मुली जगभरच्या गेम्सवर काम करतात. त्यांच्यातल्या चौघांनी जूनच्या सुरुवातीला रात्रीची एसटी पकडून आंबोलीला उतरावं, आणि तिथल्या कुणाबरोबर तरी सड्यावर जावं.