पाहिले तेवढेच सांगणे

असत्य बोलू नये, हे सर्वांस मान्य आहे. परंतु जे अर्धेच ठाऊक आहे ते बोलावे की नाही, याविषयी मात्र आपला विचार सहसा खोल जात नाही. मराठवाड्यात राहणाऱ्यास हा प्रश्न केवळ पांडित्याचा वाटत नाही. मृगाच्या दोन सरी पडल्या म्हणजे चाड्यावर मूठ धरावी की आणखी आठ दिवस वाट पाहावी, हे नांदेड-लातूरकडच्या कोरडवाहू शेतकऱ्यास दरवर्षी ठरवावे लागते. पुढे पावसाने ओढ दिली, तर बियाणे मातीस मिळते आणि दुबार पेरणीसाठी पुन्हा कर्जाचा उंबरठा चढावा लागतो. अशा मनुष्यास ‘पाऊस येणार’ असे सांगणाऱ्याने किती खात्रीने सांगावे?

या प्रश्नाचा विचार करू लागलो की मला एका यंत्राचे स्मरण होते. त्याचे नाव लायडर. माळवदाच्या घरात झरोक्यातून उतरणारा कवडसा आपण सर्वांनी पाहिला आहे. एरवी न दिसणारी धूळ त्या तिरपेत नाचताना दिसते. मनुस्मृतीत मापांची गणना या धूलिकणापासूनच, म्हणजे त्रसरेणूपासून, सुरू होते. लायडर हा एक कवडसाच होय. फरक इतकाच की, तो आकाशातून खाली न येता जमिनीवरून वर जातो. लेसरचा स्पंद वर सोडावयाचा, हवेतील कणांवरून विखुरलेला त्याचा अल्पसा अंश दुर्बिणीत टिपावयाचा, आणि परतण्यास लागलेल्या वेळावरून उंची काढावयाची. सेकंदाच्या एक लक्षांशात परतलेला प्रकाश सुमारे दीड किलोमीटरवरून आलेला असतो. पुण्याच्या उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेत १९८६ पासून असे लेसर-निरीक्षण सुरू झाले. तेथे प्रकाशझोत व दुर्बीण निरनिराळ्या ठिकाणी ठेवून कोनावरून उंची काढीत.

हे यंत्र सांगते काय? रात्री जमिनीलगत निजलेला हवेचा थर सकाळी ऊन तापू लागताच वर चढू लागतो, आणि वैशाखातील दुपारी काळ्या रानांवर त्याची उंची दीड-दोन किलोमीटर, कधी त्याहूनही अधिक होते. भूमीची धूळ, धूर आणि ओल या थरातूनच ढगापर्यंत पोहोचते. म्हणून त्याचे ज्ञान पर्जन्याच्या अभ्यासास उपयोगी पडते.

परंतु मला त्या यंत्राच्या ज्ञानापेक्षा त्याच्या मौनाचे मोल अधिक वाटते. दाट ढग आडवा आला की प्रकाश तेथेच अडतो. पलीकडचे यंत्रास दिसत नाही आणि ते सांगतही नाही. दूरवरून येणारी खूण क्षीण होत जाते, तसतशी तिच्यातील अनिश्चितता वाढते, आणि प्रामाणिक निरीक्षक तीही आकड्याशेजारी नोंदवितो. आपली दृष्टी संपली तेथे आपली वाणीही थांबविणे आपणांपैकी किती विद्वानांस साधते?

यावर कोणी म्हणेल, मग अपुरे जाणणाऱ्याने गप्पच बसावे. हेही मला पटत नाही. मौनानेही नुकसान होते. किंबहुना मौन बाळगणाऱ्यास जाब विचारणारा कोणी नसल्यामुळे ते अधिक सोयीचे पाप आहे. सोलापूरजवळ २०१८ व २०१९ साली झालेल्या कृत्रिम पर्जन्याच्या प्रयोगांत काही क्षेत्रात सरासरी १८ टक्के पाऊस अधिक पडल्याचा निष्कर्ष निघाला. ही वार्ता दडविणे अयोग्यच. परंतु त्यासाठी मुळात योग्य ढग असावे लागतात, हे वगळून ती सांगणे म्हणजे दुष्काळी मनुष्यास खोटी आशा विकणे होय.

येथवर प्रश्न सत्यकथनाचा झाला. त्याच्यापुढे आणखी एक पायरी आहे. दहांपैकी सात वेळा खरे ठरणारे भाकीत शास्त्राच्या दृष्टीने चांगले. पण शेतकऱ्याची पेरणी दहा वेळा होत नाही. त्याचा हंगाम एकच. उरलेल्या तीन वेळांचे बियाणे त्याचे जाते, सांगणाऱ्याचे काहीच जात नाही. जुलै २०१७ मध्ये बीड जिल्ह्यातील काही शेतकऱ्यांनी चुकलेल्या अंदाजाबद्दल हवामान खात्याविरुद्ध पोलिसांत तक्रार दिली, तेव्हा पुष्कळ सुशिक्षित हसले. कायद्याने ती तक्रार कितपत टिकली असती हा भाग निराळा. परंतु चूक एकाची आणि तोटा नेहमी दुसऱ्याचाच का, हा तिच्यामागील प्रश्न हसण्यासारखा नव्हता.

आणि दोष सदैव अज्ञानाचाच असतो असेही नाही. २०१६ च्या एप्रिलमध्ये लातूरला मिरजेहून आगगाडीने पाणी आणावे लागले. मांजरा धरण कोरडे पडत चालले होते, हे पाहण्यास लेसरची गरज नव्हती. ते उघड्या डोळ्यांस दिसत होते. तेथे उणीव मोजणाऱ्यांची नव्हती, मोजलेले मनावर घेणाऱ्यांची होती.

तेव्हा माझ्या मते जाणत्याचे कर्तव्य तिहेरी आहे: पाहिले तेवढे सांगावे, दृष्टी कोठे संपली तेही तितक्याच स्पष्टपणे सांगावे, आणि त्या सांगण्यावर विसंबून ज्याने मूठ मातीत टाकली, त्याच्या तोट्यात समाजाने वाटा उचलावा, असा आग्रह धरावा. पहिली दोन कर्तव्ये यंत्रही पार पाडू शकते. तिसरे मात्र मनुष्यासच करावे लागेल.