फळ देणाऱ्याचा हात

कर्माचं फळ देतं कोण, यावर ब्रह्मसूत्रांच्या तिसऱ्या अध्यायात एक जुना वाद आहे. जैमिनींच्या मते फळ कर्मातूनच निपजतं. यज्ञ संपला तरी त्याची अदृश्य शक्ती, मीमांसकांचं ‘अपूर्व’, मागे उरते आणि वेळ आली की फळते. बादरायणांना हे पटत नाही. त्यांच्या लेखी फळ देणारा ईश्वरच. हा वाद पोथीतच राहिला असं वाटत असेल, तर बारामतीच्या जिरायती पट्ट्यातल्या सुप्यासारख्या गावांतून पुण्याच्या पेठांमधल्या अभ्यासिकांत येणाऱ्या मुलांचा प्रश्न ऐकावा. निवड यादीत नाव लागलं, म्हणजे नोकरी माझी झाली का? मुलगा जैमिनींसारखा बोलतो: परीक्षा दिली, गुण पडले, आता आदेश निघणं तेवढं बाकी. सरकार म्हणतं, देणारे आम्ही.

न्यायालयांनी वरवर पाहता सरकारचीच बाजू घेतली आहे. हरियाणात दुय्यम न्यायाधीशांच्या 15 जागांसाठी 40 उमेदवार उत्तीर्ण झाले होते, सरकारनं पहिले 7 घेतले आणि थांबलं. 1973 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ते मान्य केलं. 1991 च्या शंकरसन दाश खटल्यात घटनापीठानं स्पष्टच सांगितलं की यादीतल्या नावानं नियुक्तीचा अबाधित हक्क मिळत नाही. पण याच निकालांचा दुसरा भाग वाचायचा राहून जातो. हरियाणा सरकारला सातव्यावर थांबता येत होतं. सातव्याला गाळून नवव्याला घेता येत नव्हतं. दाश खटल्यातही जागा न भरण्याचा निर्णय मनमानी नसावा, त्याला योग्य कारण असावं, असं बजावलं आहे. नोव्हेंबर 2024 मध्ये तेजप्रकाश पाठक खटल्यात आणखी एका घटनापीठानं हेच पक्कं केलं: नियमांत मुभा नसेल तर भरती सुरू झाल्यावर मधेच निकष बदलायचे नाहीत, आणि जागा असूनही यादीतल्याला डावललं तर त्याचं समर्थन सरकारनं करायचं.

म्हणजे निकाल बादरायणांचाच, पण पुरा बादरायण. कारण फळ ईश्वर देतो म्हटल्यावर लगेच शंका येते: मग एकाला सुख नि दुसऱ्याला दुःख देणारा तो पक्षपाती आणि निर्दय नव्हे काय? सूत्रकारांचं उत्तर असं, की तो ज्याच्या त्याच्या कर्माकडे पाहूनच देतो. शंकराचार्य भाष्यात पावसाचा दाखला देतात: पाऊस सगळ्यांवर सारखाच, भात उगवायचा की जव हे बियाण्यावर. देणारा कर्माला बांधलेला आहे म्हणूनच त्याच्यावर दोष येत नाही. जिथे ईश्वरालाही ही अट लावली, तिथे मंत्रालयातल्या कक्ष अधिकाऱ्याला ती सुटेल कशी?

यावर गीतेचा आधार घेऊन कोणी म्हणेल, फळाची आशाच का धरावी? हा उपदेश करणाऱ्याला आहे, देणाऱ्याला नाही. पगार अडवून ठेवणाऱ्यानं गड्याला निष्काम कर्म शिकवावं, तसलाच हा प्रकार. दुसरा आक्षेप मात्र वजनदार आहे. पद हे बक्षीस नव्हे, लोकांची सेवा आहे. पैसा नसेल, गरज उरली नसेल, तर जागा भरायचीच का? आणि जुनी प्रतीक्षा यादी जिवंत ठेवली तर पुढच्या वर्षी परीक्षेला बसणाऱ्यांचं काय? हे मला मान्य आहे. यादीला मुदत हवीच. पण ही सारी कारणं सांगण्याजोगी आहेत, मग ती लपवण्याचं कारण उरत नाही.

सुप्याला पदांचा हा प्रश्न नवा नाही. शहाजीराजांच्या जहागिरीतल्या या परगण्याचा कारभार शिवाजी महाराजांचे सावत्र मामा संभाजी मोहिते पाहत; महाराजांनी तो 1656 च्या सुमारास त्यांच्याकडून काढून घेतला. तरी गावोगावची पाटीलकी वतनानं पुढे चालतच राहिली; महसुली पाटलांची पदं रद्द करणारा कायदा आला तो थेट 1962 मध्ये. वतनाची जागा गुणवत्ता यादीनं घेतली, ती देणाऱ्याचा हात बांधण्यासाठी. तो हात मोकळा सोडला, तर यादी म्हणजे भिंतीवरचा कागद.

राज्यसेवा परीक्षा 2019 च्या उमेदवारांनी हे भोगलं. निकाल जून 2020 मध्ये लागला, मराठा आरक्षणाला 9 सप्टेंबरला स्थगिती मिळाली आणि नियुक्त्या थांबल्या. ज्यांच्या प्रवर्गाचा या वादाशी संबंध नव्हता त्यांच्यासुद्धा. 5 मे 2021 ला ते आरक्षण रद्द झालं आणि निकालाची फेरमांडणी करावी लागली. स्थगिती न्यायालयाची होती, हे खरं. पण बाकीच्यांना ताटकळत ठेवायला ते कारण पुरेसं होतं, असं मला वाटत नाही.

तेव्हा उमेदवारानं महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये, जाताना खुर्चीआधी कारण मागावं. जागा रिकामी, यादी मुदतीत आणि कारण लेखी देता येत नाही, अशी स्थिती असेल तर सरकारनं खटला लांबवू नये. नियुक्तीचा आदेश काढावा.