दाखला कोणीं शोधावा ?

हक्क सांगणाऱ्यानें पुरावा द्यावा, हा न्यायाचा जुना व साधारणतः रास्त नियम आहे. ज्यानें कर्ज दिलें त्यानें खत दाखवावें. कारण खत लिहून घेणें त्याच्या हातीं होतें. परंतु ज्याच्या हातीं तें कधींच नव्हतें, त्याच्यावरही हाच भार घालणें न्याय्य होईल काय ? राखीव जागेसाठीं सरकारी नोकरीचा अर्ज करणाऱ्या तरुणांकडून जे कागद मागितले जातात, ते पाहिले म्हणजे हा प्रश्न आम्हांस टाळतां येत नाहीं.

महाराष्ट्रांत अशा उमेदवारास उपविभागीय अधिकाऱ्याकडून जातीचा दाखला मिळवून पुढें पडताळणी समितीचें वैधता प्रमाणपत्र घ्यावें लागतें. इतर मागासवर्गीयांस त्याखेरीज आपण उन्नत गटांत मोडत नसल्याचा दाखला. अनुसूचित जातींसाठीं १० ऑगस्ट १९५०, अनुसूचित जमातींसाठीं ६ सप्टेंबर १९५०, विमुक्त व भटक्यांसाठीं २१ नोव्हेंबर १९६१ आणि इतर मागासवर्गीयांसाठीं १३ ऑक्टोबर १९६७ या तारखा ठरल्या आहेत. त्यापूर्वींच्या कागदांवर बापाची, आजाची जात लिहिलेली दाखवावयाची. २००१ सालीं अंमलांत आलेल्या कायद्यानें सिद्धतेचा भार अर्जदारावरच टाकला आहे.

हे कागद म्हणजे काय ? बहुधा आजाच्या शाळेच्या नोंदवहींतील उतारा, नाहीं तर गांवच्या जन्ममृत्यूच्या नोंदी किंवा महसुली दप्तर. आतां ज्या आजास कोणीं शाळेची पायरीच चढूं दिली नाहीं, त्याचें नांव त्या वहींत यावें कसें ? जमीन नव्हती, म्हणून महसुली दप्तरांतही तो नाहीं. ज्या घरांत एक पिढी आधीं शिकली, तेथें दाखला सुलभ. ज्याची वंचना पूर्ण, त्याचे हात रिकामे. आजार जितका जुनाट तितकी वैद्याच्या दारीं अडवणूक अधिक, असा हा प्रकार झाला. भटक्यांची गोष्ट तर याहून विलक्षण. १८७१ पासून १९५२ पर्यंत टिकलेल्या गुन्हेगार जमातींच्या कायद्यांखालीं त्यांतील कित्येकांचीं नांवें पोलिसांच्या वहींत मात्र न चुकतां लिहिलीं जात. आणि १९२७ सालीं महाडास चवदार तळ्याचें पाणी प्यालेल्यांवर हल्ला झाला, तेव्हां मारणाऱ्यांपैकीं कोणीं कोणाचा दाखला तपासला होता, असें आमच्या वाचनांत नाहीं !

म्हणून तपास नको, असें आमचें म्हणणें मुळींच नाहीं. खोट्या दाखल्यानें बळकावलेली जागा सरकारची जात नाहीं. यादींतील पुढच्या खऱ्या उमेदवाराची जाते. अशी नोकरी किती वर्षें केली तरी तिला संरक्षण नाहीं, असें सर्वोच्च न्यायालयानें २०१७ सालीं ठरविलें, तें आम्हांस योग्यच वाटतें.

तपासाची रीत मात्र कधीं कधीं अजब असते. आदिवासी म्हणविणाऱ्यास त्याच्या जमातीचे देव, लग्नविधि, बोली विचारून आप्तभाव पाहतात. शहरांतील चाळींत वाढलेल्या नातवास तें सांगतां आलें नाहीं, कीं शंका ! आम्हींच त्यास ‘शीक, बदल’ म्हणावयाचें, आणि तो बदलला म्हणून त्याचें कूळ नाकारावयाचें. ही चाचणी निर्णायक मानूं नये, असें त्याच न्यायालयानें मार्च २०२३ मध्यें सांगितलें. तें सांगावें लागलें यांतच पुष्कळ आलें.

जुनीं दप्तरें आहेत कोणाच्या ताब्यांत ? शाळेच्या, तहसिलीच्या, म्हणजे बहुतांशीं सरकारच्याच. तरी त्यांची नक्कल काढण्यासाठीं मजुरी बुडवून हेलपाटे घालावयाचे नातवानें. सर्वोच्च न्यायालयाच्या १९९४ सालच्या निकालापासून पडताळणी समितीस दक्षता पथक जोडलेलें आहे. शंका आली कीं तें गांवीं जाऊन शाळेची वही चाळतें, शेजाऱ्यांस विचारतें. मग ज्या अर्जदाराजवळ कागदच नाहीं, त्याच्यासाठीं त्याच पथकानें, त्याच गांवीं, तीच वही संशयाआधीं कां चाळूं नये ? तेथें आजाचें नांव नसेल, तर चुलत्याचें किंवा भाऊबंदांपैकीं कोणाचें असेल. तेंही नसलें, तर साक्ष देऊं शकतील असे म्हातारे गांवोगांव अजून आहेत. १९५० सालीं जो जाणत्या वयाचा होता, तो आज नव्वदीच्या आसपास आहे. त्याचें म्हणणें लिहून घ्यावयास फार वर्षें उरलेलीं नाहींत.