कवड्यांचे कोष्टक आणि घटिकेचे मोल

श्रोतेहो, कवडी मोजणारे जगात पुष्कळ, घटिका मोजणारे थोडे. आणि दोन्ही मोजून त्यांतला भेद जाणणारा तर विरळाच. असा एक थोर पुरुष आपल्या महाराष्ट्रदेशी होऊन गेला. त्यांचे नाव भास्कराचार्य. शके १०३६, म्हणजे सन १११४ साली ते जन्मले. वयाच्या ३६ व्या वर्षी त्यांनी ‘सिद्धान्तशिरोमणि’ रचला. आपले गाव सह्याद्रीच्या आश्रयाचे विज्जडविड, असे ते स्वतः सांगतात. ते म्हणजे आपले बीड, असे काही पंडित म्हणतात. काही चाळीसगावजवळच्या पाटणाकडे बोट दाखवितात. आचार्यांच्या नातवाने त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापिला, त्याचा सन १२०७ चा शिलालेख पाटणास आहेच. तो वाद पंडितांकडे असो. आपले काम त्यांच्या विद्येशी.

‘लीलावती’ उघडा. आरंभीच नाण्यांचे कोष्टक आहे. वीस कवड्यांची एक काकिणी, चार काकिणींचा पण, सोळा पणांचा द्रम्म, सोळा द्रम्मांचा निष्क. पुढे वजने आली, मापे आली. आणि काळाचे कोष्टक? ते लोकांत प्रसिद्धच आहे, तिथून जाणावे, एवढेच सांगून आचार्य पुढे गेले. आम्हांस यात मोठे मर्म दिसते. निष्क कोणाच्या घरी असतो, कोणाच्या घरी नसतो. पण दिवसाच्या साठ घटिका राजालाही तेवढ्याच आणि भिकाऱ्यालाही तेवढ्याच!

तेच आचार्य ‘सिद्धान्तशिरोमणी’त काळ मोजू लागले, तेव्हा त्रुटीपर्यंत उतरले. त्या मानाने एका अहोरात्रात २९१ कोटी ६० लक्ष त्रुटी भरतात. कृपण माणूसही कवडी इतकी बारीक मोजीत नाही.

आता व्याजाचे गणित घ्या. शंभरास महिन्याला पाच, तर सोळांस वर्षाला किती? उत्तर नऊ पूर्णांक तीन पंचमांश. इथे महिने गेले आणि त्यांचे द्रम्म झाले; काळ नाणे झाला. व्याजाला शास्त्रात ‘कलांतर’ म्हणतात. कला म्हणजे अंश, आणि घटिकेच्या तिसाव्या भागालाही कलाच म्हणतात. परंतु बाबांनो, ही वाट एकेरी आहे. किती महिने गेले ते या गणिताने काढता येते. गेलेला महिना विकत आणता येत नाही. पेटीभर निष्क ओता, एक त्रुटी माघारी यायची नाही.

हे गणित आता आपल्या अंगणात आणू. दसरा-दिवाळी झाली की बीड जिल्ह्यातला कोयता ऊस तोडायला निघतो. नवराबायको मिळून एक कोयता. निघण्याआधी मुकादमाकडून उचल घेतलेली असते. उचल म्हणजे काय? जे दिवस अजून उगवले नाहीत, त्यांचे मोल आजच घेणे. मग कोणी तापाने पडले, बाई अवघडलेली असली, तरी खाडा धरला जातो आणि फेडीचा डोंगर वाढतो. ज्याच्या हाती हिशेबाची वही आहे, त्या माळकऱ्याला आमचे सांगणे आहे: तुझ्या वहीत रुपये दिसतात, पण ते दुसऱ्याच्या आयुष्याच्या त्रुटी आहेत. आजारपणाचा खाडा धरशील, तर गळ्यातली तुळस तुला विचारील. आणि कोयत्यावर जाणाऱ्या माऊलींनो, तुम्हीही हिशेब मागा, लिहून ठेवा. लेकरू फडावर नेऊ नका. हंगामी वसतिगृहात ठेवा, शाळेत ठेवा. त्याची घटिका उचलीत देण्याचा अधिकार आपल्याला नाही.

लीलावतीची कथा तुम्ही ऐकली असेल. फैजीने सन १५८७ मध्ये या ग्रंथाचे फारसी भाषांतर केले, त्यात ती आहे. लग्नघटिका पाहायला घटिकापात्र मांडले होते. मुलीच्या अंगावरचा मोती त्यात पडला, छिद्र बुजले, पाणी थांबले आणि मुहूर्त टळला. पाणी थांबले, पण काळ थांबला नाही. म्हणून संतांनी असे साधन दिले की ज्याला मुहूर्तच लागत नाही. फडात, बैलगाडीवर, पाचटाच्या कोपीत नाम घेता येते. त्या नामावर कोणा मुकादमाची उचल चढत नाही, त्यात खाडा कोणी धरीत नाही. हंगाम सरला की आषाढीला मुक्ताबाईंची पालखी बीडावरून जाते, तिच्यात चार पावले चाला. तेवढा काळ तरी आपला स्वतःचा आणि पांडुरंगाचा.

रामकृष्णहरि.